तहकूब सभेचा धडा

मागच्या वर्षी आम्हा कनिष्ठ महाविद्यालयाच्या शिक्षकांचं एक प्रशिक्षण झालं. व्यासपीठावरच्या मॅडम सांगत होत्या की राज्यशास्त्र पाठ करून येत नाही, ते खेळून येतं. वर्गात संसद भरवा, ग्रामसभा भरवा, कुणाला सरपंच करा, कुणाला विरोधक करा, मग बघा कलमं कशी डोक्यात बसतात. कुणाला असा अनुभव आहे का, असं त्यांनी विचारलं आणि माझा हात वर गेला. मी म्हणाले, मी बारावीला असताना आमच्या सरांनी वर्गात ग्रामसभा घेतली होती, पद्धत फार परिणामकारक आहे, तेव्हा शिकलेला नियम मी अजून विसरलेले नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी खाली बसले आणि चहा येईपर्यंत वहीच्या कोपऱ्यात रेघोट्या ओढत राहिले. मी एक अक्षरही खोटं बोलले नव्हते, फक्त पुढचं सांगितलं नव्हतं.

पुढचं मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही.

आमचं गाव भिवंडीजवळ, पूर्णा गावाच्या पुढे, हमरस्ता सोडून आत. मी लहान होते तेव्हा तिथे भातखाचरं होती, मी कॉलेजला जायला लागले तोवर गोडाऊनं झाली होती. मोठ्या आळीतल्या लोकांच्या जमिनी होत्या, त्यांनी त्या भाड्याने दिल्या, विकल्या, भराव टाकून स्वतः शेड उभ्या केल्या. आमच्या बौद्धवाड्यात जमीन कुणालाच नव्हती, पण नोकऱ्या होत्या. माझे बाबा बसडेपोत मेकॅनिक. कुणी नर्स, कुणी वायरमन, कुणी पोस्टात. घरं लहान आणि माणसं फार, त्यामुळे अभ्यासाला बसायचं कुठे हा प्रत्येक घरातला प्रश्न होता. विहाराच्या मागे पंचायतीच्या मालकीचा एक मोकळा तुकडा होता. तिथे अभ्यासिका बांधायची असं बाबांनी आणि आणखी चारपाच जणांनी मनावर घेतलं होतं. आधीच्या एका ग्रामसभेत सगळ्यांनी माना डोलावल्या होत्या, पण कागदावर काही आलं नव्हतं. मोठ्या आळीतल्या काही बायकाही आमच्या बाजूने होत्या, कारण त्यांची मुलंही तिथे बसणार होती.

मग त्याच तुकड्याला दुसरं गिऱ्हाईक आलं. विहाराच्या पलीकडे एक नवीन गोडाऊन उभं राहत होतं आणि मोठ्या कंटेनरला तिथे वळायला जागा पुरत नव्हती. तो तुकडा रस्त्यात घेतला की वळण बसत होतं. ते गोडाऊन माझ्या मैत्रिणीच्या वडिलांचं होतं.

मैत्रीण म्हणजे पहिलीपासूनची. शाळा एक, बाक एक, आणि पुढे भिवंडीच्या कॉलेजला जायची शेअर रिक्षाही एकच. ती माझ्या डब्यातली सुकटीची चटणी संपवायची आणि मी तिच्या डब्यातली तांदळाची भाकरी. तिच्या घरी मी ओट्यापर्यंत जायचे, आत कधी गेले नाही. ना कुणी नको म्हटलं, ना कुणी ये म्हटलं. आमच्यात त्या जागेवरून भांडण नव्हतं. ती म्हणायची, ते मोठ्या माणसांचं काय ते चालू दे, आपल्याला काय करायचंय. मला ते समजूतदारपणाचं वाटायचं.

बारावीला आमचे राज्यशास्त्राचे सर तरुण होते आणि उत्साही होते. पुस्तक उघडायचेच नाहीत. एक दिवस म्हणाले, आपण वर्गात ग्रामसभा घेऊ, पण खोट्या प्रश्नावर नको, तुमच्यातल्या कुणाच्या तरी गावातला खरा प्रश्न द्या. दिघाशीच्या एका मुलाने पाण्याच्या टाकीचा विषय सांगितला, कोन गावच्या मुलीने कचऱ्याचा. मी अभ्यासिकेचा सांगितला. सरांचे डोळे चमकले. यात दोन बाजू आहेत, म्हणाले, हाच घेऊ. त्यांनी गावाचं नाव तेवढं बदललं. ग्रामसभेच्या खऱ्या नियमांच्या झेरॉक्स काढल्या, त्या वाटल्या, आणि भूमिका चिठ्ठ्या टाकून ठरवल्या. चिठ्ठीने गंमत केली. मला आला गोडाऊनवाला आणि माझ्या मैत्रिणीला आली वस्तीतली बाई, अभ्यासिका मागणारी.

मी सरांना म्हटलं, मला बदलून द्या. सर म्हणाले, उलट हेच तर शिक्षण आहे, दुसऱ्याच्या चपलेत पाय घालून बघ. आता वाटतं की तेव्हा हट्ट करायला हवा होता. पण खरं सांगायचं तर दोनतीन दिवसांत मला त्या चपलेची मजा वाटायला लागली. आमच्या वाड्यातली माणसं सभेत बोलायला उभी राहिली की त्यांचा आवाज कसा कापतो, हे मी लहानपणापासून बघत आले होते. इथे मला कापरं भरायचं कारण नव्हतं. इथे जमीन माझी होती.

सभेच्या दिवशी मैत्रिणीच्या बाजूच्या मुलांनी डाव टाकला. सरांनी कोरम ठरवून दिला होता, म्हणजे सभा चालायला किमान किती माणसं हजर पाहिजेत तो आकडा. वस्तीवाले आलेच नाहीत तर कोरम भरणार नाही आणि ठराव होणार नाही, असा त्यांनी विचार केला. सगळे बाहेर व्हरांड्यात जाऊन उभे राहिले, वडापाव मागवले, खिडकीतून आम्हाला वाकुल्या दाखवायला लागले. वर्गात आम्ही मूठभर उरलो. शहरातला एक मुलगा, ज्याचे वडील लूमवर फोरमन होते, तो आमचा सरपंच होता. तो म्हणाला, "अब क्या? खेल खतम?" आणि मी झेरॉक्स चाळायला लागले. शेवटच्या पानावर, बारीक अक्षरात, ते वाक्य होतं. कोरमअभावी सभा तहकूब झाली, तर तीच सभा पुन्हा बोलावल्यावर तिला कोरमची गरज नाही. विषय मात्र तेच घ्यायचे.

मी सरपंचाला म्हटलं, सभा तहकूब कर आणि दहा मिनिटांनी परत बोलाव, नोटीस फळ्यावर लिही. त्याने लिहिली. व्हरांड्यातल्या लोकांना खिडकीतून फळा दिसत होता, पण ते वडापाव खात होते. दहा मिनिटांनी आम्ही सात जणांनी हात वर केले. जागा रस्त्याला गेली. बाहेरचे दार बडवत आत आले तोवर ठराव लिहूनही झाला होता. सर खुर्चीवरून उठून टाळ्या वाजवायला लागले. पूर्ण वर्गासमोर म्हणाले, आजवर इतक्या मुलांना शिकवलं, पण हे कलम असं कुणी वापरून दाखवलं नाही. माझे कान गरम झाले, आनंदाने. मैत्रिणीने माझ्या पाठीत धपाटा घातला आणि म्हणाली, "लय डोकेबाज हाय तू." आम्ही दोघी हसत हसत रिक्षात बसलो.

त्या संध्याकाळी आम्ही दोघींनी आपापल्या घरी खेळाची हकिकत सांगितली. मी बाबांना अर्धीच सांगितली. वस्तीवाले बाहेर राहिले आणि सभाच होऊ शकली नाही, इथपर्यंत. पुढचं सांगायचं तर मी कोण झाले होते ते सांगावं लागलं असतं. अभ्यासिकेसाठी माणूस डेपोतून थेट तहसील कचेरीत खेटे घालतो, आणि त्याची मुलगी वर्गात तीच जागा गोडाऊनवाल्याच्या घशात घालून टाळ्या घेते, हे त्यांना कोणत्या तोंडाने सांगणार. बाबा जेवता जेवता थांबले. दोनदा विचारलं, कोरम भरला नाही तर खरंच ठराव होत न्हाय? मी म्हटलं, नाही होत. ते म्हणाले, बरं शिकवतात हो तुमचे सर.

मैत्रिणीने तिच्या घरी काय सांगितलं ते मला फार उशिरा कळलं.

परीक्षा झाली आणि मी कल्याणला मावशीकडे कॉम्प्युटर शिकायला गेले. महाराष्ट्र दिनाला गावात ग्रामसभा असते. झेंडा होतो, मुलांना बिस्किटं मिळतात, आणि माणसं सही करून पांगतात. त्या वर्षी अजेंड्यावर रस्ता रुंदीकरणाचा विषय होता. मी दुपारी घरी परतले तर बाबा दारात खुर्ची टाकून बसले होते आणि इतके खूश होते की आधी मला वाटलं माझा निकाल लवकर लागला. म्हणाले, "झेंड्याला सगळे गेलो, पण सही एकाने केली न्हाय. सरळ घरी आलो. तुझ्या वर्गातल्या पोरांसारखं. कोरम भरलाच न्हाय. विषय संपला."

बहिष्काराची कल्पना त्यांचीच होती. आदल्या रविवारी विहारात वंदनेनंतर त्यांनी ती सगळ्यांना समजावून सांगितली होती. काही तरुण पोरं म्हणत होती की जाऊन भांडू, पण बाबांनी त्यांना गप्प केलं. माझी मुलगी राज्यशास्त्र शिकते, म्हणाले, नियमात बसतं ते करू.

मी हातातली पिशवी खाली ठेवली. मला तिथल्या तिथे सांगायला हवं होतं. बाबा, सभा तहकूब झालीय, संपली नाही, ते ती परत बोलावतील आणि तेव्हा कोरम लागणार नाही. एवढंच बोलायचं होतं. पण बाबांनी लगेच विचारलं असतं की तुला कसं माहीत, आणि माहीत होतं तर तेव्हा का बोलली नाहीस. मी स्वतःची समजूत घातली. तो नियम गावात माहीत कुणाला आहे? ग्रामसेवकाला असेल, तो स्वतःहून काड्या करणारा नव्हता. बाकी मला आणि माझ्या मैत्रिणीला. आणि ती तर माझीच होती.

एक गोष्ट मात्र टोचत होती. तिथे थांबलेल्या कुणाकडून तरी ऐकून बाबा सांगत होते की मैत्रिणीच्या वडिलांनी माणसं गोळा करायचा प्रयत्नच केला नाही. एरवी त्यांनी दोन टेम्पो भरून माणसं आणली असती. त्या दिवशी शांतपणे बसून राहिले, कोरम नाही असं जाहीर झालं तेव्हा मान डोलावली आणि निघून गेले.

मी बाबांना सांगण्याऐवजी मैत्रिणीला फोन केला. सभा परत कधी आहे, तुला काही कळलं का, असं विचारलं. ती म्हणाली, "मला काय माहीत गं. पप्पांचं मी काय विचारत न्हाय." आणि मग लगेच विचारलं, कल्याणला ड्रेस घेतलास तो कुठल्या रंगाचा? मी रंग सांगितला. फोन ठेवला तेव्हा मला बरं वाटत होतं, इतकी मी दूधखुळी होते.

पुढच्या आठवड्यात, मंगळवारी सकाळी अकरा वाजता, तहकूब ग्रामसभा झाली. नोटीस पंचायतीच्या बोर्डावर लागली होती, रीतसर. अकराच्या सुमाराला आमच्या वाड्यातला कमावता माणूस एकही घरी नसतो. बाबा डेपोत गाडीखाली होते. बायकांपैकी ज्या घरी होत्या त्यांना कुणी सांगितलं नाही, आणि सभा संपली असं ठाऊक असताना बोर्ड वाचायला जाणार कोण? बारा माणसांनी हात वर केले. संध्याकाळी जेसीबी आला आणि विहारामागची करवंदीची जाळी आणि बाबांनी खुणेसाठी ठोकलेल्या खुंट्या त्याने एका फेरीत काढल्या.

लोकांनी पंचायत समितीत अर्ज दिला. तिथल्या साहेबांनी वही मागवून बघितली आणि म्हणाले, नियमाप्रमाणेच झालंय, तुम्ही हजर राहायला हवं होतं.

मी सरांकडे गेले. मला वाटत होतं जगात एक माणूस असा आहे की ज्याला सगळं न सांगता समजेल. सर, मी म्हटलं, आपण वर्गात जे केलं तेच गावात झालं, तुम्ही एक पत्र द्या, किंवा माझ्यासोबत एकदा या, तुम्हाला नियम माहीत आहेत, अजून वर अर्ज करता येतो का सांगा. सरांनी मला पंख्याखाली बसवलं, पाणी दिलं. मग म्हणाले, "हे बघ बेटा, आपण केलं ते शिक्षण होतं. वर्गातलं वर्गात राहायला पाहिजे. गावच्या राजकारणात मी पडलो तर संस्था मला विचारेल." त्यांच्या टेबलावर एक फाईल होती. त्यांनी तो खेळ जिल्ह्याच्या नवोपक्रम स्पर्धेला पाठवला होता. फाईलमध्ये माझा फोटो होता, हात वर केलेला, हसणारा. खाली लिहिलं होतं की विद्यार्थिनीने वंचित घटकाच्या प्रश्नाकडे विरुद्ध बाजूने पाहण्याचं धाडस दाखवलं. खरा प्रश्न द्या, असं म्हणणारे सर हेच होते. आमचा खरा प्रश्न त्यांनी घेतला, वापरला, फाईलला लावला, आणि तो खरा झाला तेव्हा त्यांच्या अंगावर पाल पडली. मी पाणी न पिता उठले.

मैत्रीण मला रिक्षा स्टँडवर भेटली. मी तिला काही बोलायच्या आधी तीच रडायला लागली. म्हणाली, खेळ झाला त्याच दिवशी तिने घरी सगळं सांगितलं होतं, शेवटपर्यंत. माझं कौतुक म्हणून सांगितलं होतं. जेवताना पप्पा हसले, म्हणाले परत सांग, आणि मग झेरॉक्स दाखव म्हणाले. तिने ती दिली. तेव्हा तिच्या मनात काही नव्हतं, हे मला आजही पटतं.

"आणि मी फोन केला तेव्हा?" मी विचारलं.

ती म्हणाली, "तेव्हा माहीत होतं. मंगळवारचं ठरलं होतं. पण मी सांगितलं असतं तर पप्पांना कळलं असतं माझ्याकडूनच गेलं. घर हाय ना माझं ते."

मला तिच्या थोबाडीत मारावीशी वाटली. केसाने गळा कापला तिने माझा, आणि वर ड्रेसचा रंग विचारला. मी तिला म्हटलं, यापुढे मला ओळख दाखवू नकोस. तिने मान खाली घातली. रिक्षात बसल्यावर, गाडी नाक्याच्या पुढे गेल्यावर, मला कळलं की तिने जे केलं तेच मीही केलं होतं. तीही आपल्या बापाला धरून राहिली आणि मीही माझ्या बापापुढे चांगली राहायला गेले. फरक इतकाच की तिच्या गप्प बसण्याने तिच्या बापाचं भलं झालं. तिच्यावरचा राग मात्र याने तसूभर कमी झाला नाही, अजूनही झालेला नाही.

वाड्यातली माणसं बाबांना तोंडावर काही बोलली नाहीत. तेच वाईट होतं. रविवारी वंदनेला ते गेले की पोरं बाजूला सरकायची. कुणीतरी मागून म्हणालं, भांडलो असतो तर निदान नावापुरता विरोध तरी नोंदला गेला असता, नियम शिकवायला गेले. बाबा दोन आठवडे विहारात गेलेच नाहीत. डेपोतून यायचे, हात धुवायचे, आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे. आईने मला खुणेने सांगितलं की जरा बोल त्यांच्याशी.

मी त्यांच्या उशाशी जाऊन बसले. त्यांनी वळून माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "तहकूब सभेला कोरम लागत न्हाय, हे तुला माहीत होतं का गं?"

सांगायला मी तोंड उघडलं होतं, खरंच उघडलं होतं. त्यांच्या डोळ्यांकडे बघितलं आणि दिसलं की हा माणूस मला दोषी धरायला विचारत नाही. तो स्वतःला सोडवायला विचारतोय. शिकलेल्या पोरीलाही ठाऊक नव्हतं म्हटलं की मग मेकॅनिकला कुठून ठाऊक असणार, एवढा एकच दोर त्यांच्या हाती उरला होता. आणि त्यांना सोडवताना मीही सुटत होते, हेही मला त्याच क्षणी दिसलं.

मी म्हटलं, "नाही बाबा. सरांनी तेवढं शिकवलंच नव्हतं."

ते उठून बसले. मग म्हणाले, अर्धंच शिकवतात हे लोक, आपल्या पोरांना मुद्दाम अर्धंच शिकवतात. पुढच्या रविवारी ते मला घेऊन विहारात गेले. वंदना झाल्यावर उभे राहिले आणि सगळ्यांसमोर म्हणाले की माझी पोरगी इथे बसलीय, तिला विचारा, तिच्या मास्तरने अर्धाच नियम सांगितला. सगळी माझ्याकडे बघायला लागली. जी पोरं बाजूला सरकत होती त्यांच्यातला एकजण पुढे आला आणि त्याने बाबांच्या खांद्यावर हात ठेवला. मी बायकांच्या रांगेत बसले होते. मी मान हलवून हो म्हटलं.